चष्म्याचा नंबर काढणाऱ्यांना खुले पत्र: दर खेपेला वाढणाऱ्या सिलिंडरपाशी जरा थांबा

महाराष्ट्रातल्या चष्म्याच्या दुकानांत नंबर तपासणाऱ्या सर्व ऑप्टिशियन आणि ऑप्टोमेट्रिस्ट बंधू-भगिनींना,

सप्रेम नमस्कार.

हे पत्र आरोग्यमंत्र्यांना लिहावं असं काहींनी सुचवलं. मी ते मुद्दाम तुम्हाला लिहिते आहे. तालुक्याच्या गावात डोळ्यांना अंधूक दिसायला लागलं की माणूस आधी डॉक्टरकडे जात नाही, तुमच्याकडे येतो. तुमचं दुकान बाजारपेठेत असतं, तपासणीचे वेगळे पैसे सहसा पडत नाहीत आणि चष्मा दोन दिवसांत हातात मिळतो. त्यामुळे केरॅटोकोनस नावाच्या आजाराची पहिली खूण नेत्रतज्ज्ञाच्या आधी तुमच्या नजरेसमोरून जाते. माझ्या बाबतीत ती तशीच निघून गेली. आज माझ्या उजव्या डोळ्यात दुसऱ्या कुणाचा तरी कॉर्निया, म्हणजे बुबुळावरचा पारदर्शक पडदा, आहे आणि डावा डोळा लेन्सच्या आधारावर चालतो.

मागणी आधीच सांगून टाकते. दहा ते पंचवीस वयाच्या ज्या मुलाचा किंवा मुलीचा सिलिंडर नंबर, म्हणजे कॉर्नियाच्या असमान बाकासाठी चष्म्यात द्यावा लागणारा नंबर, वर्षभरात वाढला आहे, आणि नवा नंबर घालूनही तक्त्यावरची ६/६ ची, म्हणजे सामान्य नजरेची, ओळ नीट वाचता येत नाही, त्या मुलाला नुसता चष्मा देऊन पाठवू नका. चष्मा जरूर द्या. सोबत एक चिठ्ठीही द्या, तिच्यावर लिहा: ‘कॉर्नियल टोपोग्राफी करून घ्यावी.’ टोपोग्राफी म्हणजे यंत्रानं कॉर्नियाच्या आकाराचा नकाशा काढणं.

तुमच्यातल्या ऑप्टोमेट्रीची पदवी घेतलेल्यांना पुढचं बरंचसं माहीत असेल. पण अनेक दुकानांत हा धंदा वडिलांकडून मुलाकडे आलेला आहे, काम पाहून-पाहून शिकलेलं आहे, आणि हे पत्र आईवडीलही वाचतील. म्हणून थोडं सविस्तर लिहिते.

काळ्या बुबुळावर जो पारदर्शक, घुमटासारखा पडदा असतो तो कॉर्निया. मध्यभागी त्याची जाडी साधारण ५४० मायक्रॉन, म्हणजे अर्ध्या मिलिमीटरहून जराशी जास्त. एवढासा हा पडदा, पण डोळ्यात शिरणारा प्रकाश वळवण्याचं सुमारे दोन तृतीयांश काम तोच करतो. कोलॅजनच्या बारीक धाग्यांचे थर एकमेकांना धरून असतात म्हणून त्याचा आकार टिकतो. केरॅटोकोनसमध्ये ही पकड सैल होते. पडदा पातळ होत जातो आणि आतल्या दाबामुळे बहुधा मध्याच्या जरा खालच्या बाजूला पुढे येतो. घुमटाचा शंकू होतो. आजार बहुतेक वेळा वयात येताना सुरू होतो, विशीत जोर धरतो आणि तिशी-चाळिशीत मंदावतो. होतो दोन्ही डोळ्यांना, पण एक डोळा पुढे असतो आणि दुसरा मागून येतो. चांगला डोळा निभावून नेतो, त्यामुळे मूल तक्रारच करत नाही.

चष्मा इथे अपुरा का पडतो हे तुम्ही रोज अनुभवता, फक्त त्यामागचं कारण दरवेळी समोर येत नाही. साध्या सिलिंडरमध्ये कॉर्नियाचा बाक दोन दिशांना वेगळा असतो, पण दोन्हीकडे नियमित असतो. केरॅटोकोनसचा बाक जागोजागी वेगळा. जुन्या कपाटाच्या लहरी काचेतून पलीकडचं पाहावं तसं दिसतं, आणि त्या काचेसमोर कोणतंही भिंग धरलं तरी लहरी जात नाहीत. मी एका पतसंस्थेत हिशेब बघते. खातेवहीतला ३ मला ८ वाटायचा, ५ आणि ६ मधला फरक कळायचा नाही. प्रत्येक अक्षराला खालच्या बाजूला एक फिकट सावली चिकटलेली असायची. रात्री समोरून येणाऱ्या गाडीचा एक दिवा चार-पाच दिव्यांसारखा फाकायचा. डोळे बारीक करून, मान तिरपी करून बघितलं की जरा बरं दिसायचं. हे सगळं मी कॉलेजात असताना सांगत होते. झोपून वाचतेस म्हणून नंबर वाढतो, असं उत्तर मिळायचं. आजच्या मुलांना मोबाइल कमी कर म्हणतात. मोबाइल कमी करावाच, पण मोबाइलनं कॉर्नियाचा शंकू होत नाही.

आता तुमच्या कामातल्या खुणा. यांतल्या एकीसाठीही नवं महागडं यंत्र घ्यावं लागत नाही, म्हणून त्यांवर जरा रेंगाळते.

ऑटोरिफ्रॅक्टोमीटर, म्हणजे आपोआप नंबर मोजणारं यंत्र, काही डोळ्यांवर एरर दाखवतो, किंवा तीनदा घेतलं तर तीन वेगळे आकडे देतो. अशा वेळी मुलाला ‘हलू नको’ म्हणून पुन्हा-पुन्हा माप घेतलं जातं आणि त्यातल्या त्यात जुळणारा आकडा धरला जातो. मूल हलत नसेल, तर ते वेगवेगळे आकडे हीच माहिती आहे. यंत्राला नियमित पृष्ठभागच सापडत नाही. यंत्र केरॅटोमेट्रीही, म्हणजे कॉर्नियाच्या बाकाचं मापही, देत असेल तर तो आकडा, के रीडिंग, बघा. साधारण डोळ्यात ते ४३-४४ डायॉप्टरच्या आसपास असतं. ४७-४८ च्या वर गेलं, किंवा दोन डोळ्यांत मोठा फरक दिसला, तर थांबा.

दुसरी खूण पिनहोलची, म्हणजे मधोमध बारीक छिद्र असलेल्या चकतीची. सगळी भिंगं लावून झाली, मूल ६/१२ वर अडकलंय आणि पिनहोल लावल्याबरोबर ६/६ वाचतंय, तर डोळ्याचा मागचा भाग बहुधा ठीक आहे आणि दोष प्रकाशाच्या वाटेत आहे. चष्म्यानं न सुधारणारी आणि पिनहोलनं सुधारणारी नजर म्हणजे अनियमित सिलिंडरचा दाट संशय. काळी गोल चकती तुमच्या ट्रायल बॉक्समध्ये आहेच. ती लावून बघायला अर्धं मिनिट पुरतं.

तिसरी खूण मला सगळ्यात मोलाची वाटते, आणि तीच हळूहळू हातातून निसटत चालली आहे. रेटिनोस्कोपनं, म्हणजे डोळ्यात प्रकाश सोडून त्याची परतणारी चमक बघायच्या हातातल्या उपकरणानं, बघताना केरॅटोकोनसच्या डोळ्यात प्रकाशाचे दोन पट्टे कात्रीच्या पात्यांसारखे जवळ येतात आणि लांब जातात. सिझर रिफ्लेक्स म्हणतात तो हाच. कॉर्निया बाहेरून अगदी निरोगी दिसत असताना, दिव्याखाली डॉक्टरांनाही काही वावगं आढळत नसताना, ही कात्री दिसू शकते. लाखो रुपयांच्या यंत्राआधी काही हजारांचं उपकरण बोलतं. ऑटोरिफ आल्यापासून बऱ्याच दुकानांत रेटिनोस्कोप खणात पडून आहे. त्याची बॅटरी चार्ज करा आणि निदान विशीच्या आतल्या, सिलिंडर असलेल्या गिऱ्हाइकांवर तो फिरवा.

चौथी गोष्ट तुमच्या वहीतली आहे. रुग्णाचा जुना कागद हरवतो. ऑटोरिफची पावती थर्मल कागदावर असते, वर्षभरात तिच्यावरची अक्षरं उडून जातात. पण तुमच्या रजिस्टरमध्ये त्या मुलाचा चौथीतला, सातवीतला, दहावीतला नंबर तारखेसकट असतो. आजार स्थिर आहे की पुढे सरकतोय हे ठरवताना कॉर्नियातज्ज्ञाला नेमकं तेच हवं असतं. तुमच्याकडच्या जुन्या नोंदी एका कागदावर उतरवून दिल्यात तर मोठ्या रुग्णालयात ‘सहा महिन्यांनी परत या, मग फरक बघू’ म्हणून थांबणं टळू शकतं. वाढत्या वयातल्या मुलासाठी ते सहा महिने फार मोठे असतात.

अक्षाकडेही, म्हणजे सिलिंडर किती अंशांच्या कोनात आहे त्याकडेही, लक्ष असू द्या. लहान वयात सिलिंडरचा अक्ष साधारण १८० च्या आसपास असतो. तो तिरपा असेल, किंवा दर खेपेला सरकत असेल, तर ती नोंद घेण्यासारखी बाब आहे.

कुणी म्हणेल, हा आजार दुर्मीळ आहे, एका दुकानात कितीसे असे डोळे येणार? अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यातल्या एका काउंटीच्या जुन्या अभ्यासावरून दोन हजारांत एक असा आकडा १९८६ पासून पुस्तकांत छापला जातो. आपल्याकडचं चित्र वेगळं असावं असं मानायला जागा आहे. नागपूर परिसरातल्या खेड्यांत तिशीवरच्या साडेचार हजारांहून अधिक लोकांचे डोळे तपासले गेले आणि २००९ साली त्याचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. कॉर्नियाचा बाक ४८ डायॉप्टर किंवा जास्त असलेले लोक त्यात २.३ टक्के निघाले. हा निकष फक्त बाकाचा होता, कॉर्नियाचा पूर्ण नकाशा काढलेला नव्हता, त्यामुळे हे सगळेच रुग्ण होते असं म्हणता येणार नाही. पण त्यातला काही हिस्सा जरी खरा धरला, तरी तुमच्या गावातल्या हायस्कूलमध्ये अशी मुलं आहेत. इंग्लंडमधल्या लेस्टर शहरातही आशियाई वंशाच्या लोकांत हा आजार गोऱ्या लोकांच्या मानानं चौपटीहून अधिक आढळला होता, आणि तोही कमी वयात. आपण या आजाराच्या बाबतीत जोखमीचे लोक आहोत.

एवढ्या तळमळीनं आत्ताच का लिहिते आहे, तेही सांगते. जॉन नॉटिंगहॅम नावाच्या लिव्हरपूलच्या डॉक्टरनं १८५४ साली या आजाराचं सविस्तर वर्णन केलं. त्यानंतर जवळपास दीडशे वर्षं तो लवकर ओळखला काय आणि उशिरा ओळखला काय, रुग्णाला फारसा फरक पडत नव्हता. चष्मा, मग कडक लेन्स, मग जमलं तर कॉर्नियाचं रोपण, या पायऱ्या ठरलेल्या. आजार थांबवण्याचा उपाय कुणाकडे नव्हता. २००३ साली जर्मनीतल्या ड्रेस्डेनच्या डॉक्टरांनी क्रॉसलिंकिंगचे पहिले निष्कर्ष मांडले आणि हे बदललं. आपल्याकडे त्याला सीथ्रीआर म्हणतात. डोळा थेंबांनी बधिर करतात, कॉर्नियावरची अगदी पातळ साल काढतात, रायबोफ्लेविनचे, म्हणजे बी-२ जीवनसत्त्वाचे पिवळे थेंब अर्धा तासभर घालत राहतात आणि मग त्यावर मोजून-मापून अतिनील प्रकाश सोडतात. मूळ पद्धतीत हा प्रकाश ३० मिनिटं देत. आता पुष्कळ ठिकाणी तीव्रता वाढवून १० मिनिटांत काम होतं. त्यानं कोलॅजनच्या धाग्यांमध्ये नवे बंध तयार होतात आणि पडदा ताठ होतो. रुग्ण त्याच दिवशी घरी जातो. पहिले दोन-तीन दिवस डोळा भयंकर चुरचुरतो, पाणी वाहतं, उजेड सहन होत नाही. जंतुसंसर्गाचा थोडा धोका असतो, म्हणून सांगितलेले थेंब वेळेवर घालावे लागतात.

इंग्लंडमध्ये १० ते १६ वयाच्या आणि आजार पुढे सरकत असलेल्या ६० मुलांवर एक चाचणी झाली, तिचे निष्कर्ष २०२१ मध्ये आले. नुसता चष्मा आणि लेन्स देऊन लक्ष ठेवलेल्या मुलांपैकी ४३ टक्क्यांचा आजार दीड वर्षात पुढे गेला. क्रॉसलिंकिंग केलेल्यांत हे प्रमाण ७ टक्के होतं.

पण या उपचाराला दोन मर्यादा आहेत, आणि त्या दोन्ही वेळेशी बांधलेल्या आहेत. एक म्हणजे, गेलेली नजर तो परत आणत नाही, आहे तिथे थांबवतो. दुसरी म्हणजे, साल काढल्यावर कॉर्निया किमान ४०० मायक्रॉन जाड उरावा लागतो, नाहीतर अतिनील प्रकाश आतल्या नाजूक पेशींना इजा करू शकतो. त्याहून पातळ डोळ्यांसाठी बदललेल्या पद्धती आहेत, पण वाट अरुंद होते. नववीतलं मूल ६/९ वर असताना पकडलं तर ते बहुधा आयुष्यभर चष्म्यावर भागवू शकेल. तेच मूल पदवीच्या शेवटच्या वर्षाला ६/३६ वर पकडलं, तर क्रॉसलिंकिंग त्याला ६/३६ वरच रोखून धरणार. या दोन वयांच्या मध्ये ते मूल तुमच्या दुकानात येऊन गेलेलं असतं, बहुतेक वेळा एकाहून जास्त वेळा.

शाळेतल्या तपासणीवर सगळं सोपवता येणार नाही. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम २०१३ मध्ये आपल्याच पालघरमधून सुरू झाला, त्याची पथकं शाळाशाळांत जातात आणि ते चांगलं काम आहे. पण तिथे एका दिवसात शेकडो मुलं बघायची असतात. कुणाला दिसत नाही एवढं तिथे कळतं. का दिसत नाही, हे पुढच्या खुर्चीवर कळायचं असतं, आणि ती खुर्ची पुष्कळदा तुमचीच असते.

आता डोळे चोळण्याबद्दल. केरॅटोकोनसचं एकच एक कारण सांगता येत नाही. घराण्यात असतो, ॲलर्जी आणि दमा असलेल्यांत जास्त दिसतो, डाउन सिंड्रोम असलेल्या मुलांत पुष्कळ जास्त दिसतो. पण डोळे जोरात चोळण्याशी त्याचं नातं जगभर मान्य आहे. पॅरिसचे नेत्रशल्यविशारद दमियाँ गतिनेल तर चोळणं हेच मूळ कारण आहे असं आग्रहानं मांडतात. सगळे डॉक्टर तिथपर्यंत जात नाहीत, तरी चोळू नये याबद्दल कुणाचंही दुमत नाही. आपल्या हवेत हा विषय अवघड होतो. मार्च उजाडला की धूळ, ऊन, कोरडा वारा, आणि पोरांचे डोळे खाजायला लागतात. पापणीच्या आतल्या बाजूला खडबडीत गाठी उठणारी उन्हाळी ॲलर्जी मुलग्यांमध्ये जास्त, वर्षानुवर्षं चालणारी. मूल मुठीची हाडं डोळ्यात खुपसून चोळतं, आणि घरच्यांना वाटतं झोप आली असेल.

तुमच्या बाकावर नंबर लागेपर्यंत मूल दहा मिनिटं बसतं. तेवढ्यात ते कसं चोळतंय ते बघा आणि आईला सांगा. थंड पाण्याच्या पट्ट्या ठेवायला सांगा, डॉक्टरांकडून ॲलर्जीचे योग्य थेंब घ्यायला सांगा. एक गोष्ट मात्र ठामपणे बजावा: मेडिकलमधून स्वतःच्या मनानं आणलेले स्टेरॉइडचे थेंब महिनोन्‌महिने घालायचे नाहीत. त्यांनी खाज झटकन थांबते, म्हणून ते घरात मुरतात. त्यातून काचबिंदू आणि मोतीबिंदू होतात, आणि काचबिंदूनं गेलेली नजर कोणत्याच रोपणानं परत येत नाही. डाउन सिंड्रोम असलेलं मूल दुकानात आलं तर आणखी सावध राहा. अंधूक दिसतंय हे ते सांगू शकेलच असं नाही, आणि चोळणं त्याच्या सवयीचा भाग समजून सोडून दिलं जातं.

मुलींबद्दल वेगळं लिहायला हवं, कारण मी त्यातून गेले आहे. लग्नाचं वय झालं की घरात ‘चष्मा घालवायचा’ विषय निघतो आणि लेसिक कुठे करावं हे लोक तुम्हालाच विचारतात. लेसिकमध्ये कॉर्नियाचाच थर लेसरनं कमी करतात. आधीच पातळ होत चाललेल्या कॉर्नियावर ते केलं तर तो आणखी फुगत जातो. म्हणूनच लेसिकआधी टोपोग्राफी करणं आवश्यक असतं, आणि कित्येक मुलींना आपल्याला केरॅटोकोनस आहे हे पहिल्यांदा त्या तपासणीत कळतं. डॉक्टरांनी नकार दिला की घरचे म्हणतात, दुसरीकडे विचारू. असं गिऱ्हाईक तुमच्याकडे आलं तर कृपा करून त्याला दुसऱ्या सेंटरचा पत्ता देऊ नका. तो नकार त्या मुलीच्या भल्याचा आहे हे समजावून सांगा. तुमचा शब्द घरात ऐकला जातो, कारण तिच्या आजोबांचा मोतीबिंदूनंतरचा चष्माही तुम्हीच दिलेला असतो.

लग्न ठरताना हा आजार लपवला जातो हेही मला ठाऊक आहे. लेन्स घालायच्या, पण सासरी कुणाला कळू द्यायचं नाही. मग लेन्स न्हाणीघरात घाईघाईनं नळाच्या पाण्यानं धुतली जाते. नळाच्या आणि बोअरच्या पाण्यातला अकँथअमीबा हा जीव कॉर्नियात शिरला तर महिनोन्‌महिने हटत नाही, आणि त्याच्या वेदना शब्दांत सांगण्यापलीकडच्या असतात. लेन्सला साधं पाणी लावायचं नाही, हे वाक्य लेन्स देताना तुम्ही मुलीला एकटीला सांगू नका, तिच्या घरच्यांसमोर सांगा. गरोदरपणात काही जणींचा आजार पुढे सरकतो. तेव्हा आधीच तपासणी झालेली असणं आणि घरात उघडपणे बोललेलं असणं किती उपयोगाचं असतं, हे मी माझ्या दुसऱ्या डोळ्यावरून सांगते.

आजार पुढे गेल्यावरचं थोडक्यात. कडक आरजीपी (हवा आत जाऊ देणारी) लेन्स कॉर्नियावर बसली की तिच्या मागे अश्रूंचा थर भरतो आणि पुढचा पृष्ठभाग नियमित होतो, म्हणून चष्म्यानं न दिसणारं लेन्सनं दिसतं. ती टोचते, आपल्या धुळीत तर फारच. स्क्लेरल लेन्स मोठी असते. ती पांढऱ्या भागावर टेकते, कॉर्नियाला स्पर्श करत नाही, आणि तिच्या पोकळीत सलाइन भरून ती घालतात. माझ्यासारख्या पुष्कळ जणांचं आयुष्य तिच्यावर चाललं आहे. पण ती बसवणारी माणसं मोजक्या शहरांत आहेत. सोलापूर, लातूर, नांदेडकडची मंडळी त्यासाठी हैदराबादची गाडी धरतात. तुमच्यातल्या तरुण ऑप्टोमेट्रिस्टनी हे कौशल्य शिकून जिल्ह्याच्या गावी आणलं तर त्यांना काम कमी पडणार नाही.

कधीकधी फुगलेल्या कॉर्नियाचा आतला थर अचानक फाटतो, पाणी शिरून डोळा एका दिवसात पांढरा होतो आणि दुखायला लागतो. अशा रुग्णाला लगेच नेत्रतज्ज्ञाकडे पाठवा. लेन्सही चालेनाशी झाली किंवा कॉर्नियावर डाग पडला, तर रोपण उरतं. आता शक्य तिथे रुग्णाचा स्वतःचा सगळ्यात आतला थर राखून फक्त पुढचे थर बदलतात, त्यामुळे शरीरानं नाकारण्याचा धोका कमी होतो. केरॅटोकोनसमध्ये रोपणं चांगली टिकतात. तरी टाके वर्षभर किंवा त्याहून जास्त काळ डोळ्यात राहतात, थेंब लांबतात, आणि लाली, वेदना किंवा धूसरपणा आला की त्याच दिवशी डॉक्टर गाठावा लागतो. शिवाय त्यासाठी कुणाच्या तरी घरात मृत्यू झालेला असताना कुणीतरी सहा तासांच्या आत नेत्रदानाचा निर्णय घेतलेला असावा लागतो. ज्या कुटुंबानं तो घेतला, त्यांचं नाव मला माहीत नाही. त्यांच्यामुळे मी आज हिशेबाची वही वाचते.

घाबरवायचा हेतू नाही. केरॅटोकोनसमध्ये दृष्टिपटल आणि नेत्रतंतू शाबूत असतात, त्यामुळे माणूस सहसा ठार अंध होत नाही. चिठ्ठी देताना हेही सांगा. ‘तुमच्या मुलाचे डोळे जाणार’ असं ऐकलं की आईबाप भोंदूंकडे आणि डोळ्यात घालायच्या कसल्याकसल्या रसांकडे वळतात. ‘पडद्याचा आकार तपासून घ्या, वेळेत कळलं तर थांबवता येतं’ एवढं बोललात तरी पुरे. आणि एका मुलात आजार निघाला तर भावंडांनाही तपासायला सांगा.

पाठवायचं कुठे, हा प्रश्न तुम्हाला पडणार. टोपोग्राफीचं यंत्र प्रत्येक तालुक्याला नाही. जवळच्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या नेत्रविभागात, धर्मादाय नेत्ररुग्णालयात आणि मोठ्या खासगी डॉक्टरांकडे एकदा फोन करून विचारा: यंत्र आहे का, कोणत्या वारी कॉर्नियाचे डॉक्टर बसतात, क्रॉसलिंकिंग होतं का, सरकारी योजनेत बसतं का, खर्च किती. ती माहिती कागदावर लिहून काउंटरच्या आतल्या बाजूला चिकटवा. एकदाच करायचं काम आहे. रुग्णाच्या घरच्यांना मात्र हीच चौकशी अनोळखी शहरात, रजा टाकून, दारोदार हिंडून करावी लागते.

तुमच्या पोटापाण्याचाही विचार मी केला आहे. चिठ्ठी देऊन पाठवलेलं गिऱ्हाईक तुटत नाही. क्रॉसलिंकिंगनंतरही चष्मा लागतो, काही महिन्यांनी नंबर पुन्हा बघावा लागतो, आणि ज्यानं वेळेवर सांगितलं त्याच्याकडेच ते घर पिढ्यान्‌पिढ्या येतं.

परीक्षा संपल्या की एप्रिल-मेमध्ये आणि शाळा उघडताना जूनमध्ये तुमच्याकडे मुलांची रीघ लागते. ॲलर्जीचा मोसमही नेमका तोच. त्या गर्दीत प्रत्येकाला अर्धा तास देता येणार नाही हे मला कळतं. म्हणून प्रत्येकासाठी मागत नाही. ज्याचा सिलिंडर मागच्या नोंदीपेक्षा वाढलाय, फक्त त्याच्यासाठी पिनहोल, रेटिनोस्कोप आणि जुन्या रजिस्टरचं ते पान, एवढंच मागते आहे.

आपली नम्र,
केरॅटोकोनसची एक रुग्ण
बार्शी, जि. सोलापूर